किलो मोजून गावं वाचत नाहीत

पंजाबच्या बॉर्डरवर शेतात पिवळ्या टेपने गुंडाळलेलं अर्ध्या किलोचं पॅकेट सापडलं, शेजारी चिनी बनावटीचा ड्रोन पडलेला, पॅकेटात हेरॉइन, बीएसएफची मोठी कामगिरी. ही बातमी इतक्यांदा येऊन गेलीय की आता आपण ती वाचतसुद्धा नाही, अंगठ्याने वर सरकवतो आणि पुढे जातो. २०२३ साली बीएसएफने पंजाबात १०७ ड्रोन पकडले, २०२४ मध्ये २९४. एका वर्षात जवळपास तिप्पट. हा आकडा बघून एक जण म्हणेल वा, काय काम करतायत आपले जवान, आणि ते खरंच आहे, जानेवारीच्या धुक्यात स्वतःचा हात दिसत नाही तिथं रात्रभर उभं राहून वरची घरघर ऐकायची हे काही सोपं काम नाही. पण दुसरा एखादा विचारेल की बाबा रे, एवढे पकडले जाऊनही ते पाठवतायतच, म्हणजे धंदा परवडतोय ना त्यांना?

मी त्या दुसऱ्याच्या बाजूचा आहे.

आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक काका आहेत, अशी बातमी आली की त्यांचा ठरलेला मेसेज येतो, "भर चौकात लटकवा, आठ दिवसांत सगळं बंद होईल." काकांना मी उलट बोलत नाही, वयाचा मान आहे, पण लटकवायचं कुणाला हे एकदा नीट बघायला पाहिजे. कारण पंजाबच्या सीमेवर गेली दहा-पंधरा वर्षं जे चाललंय ते बघितलं की माझं तरी मत असं झालंय की किलो, ड्रोन, अटक, एफआयआर हे मोजण्याच्या नादात आपण ज्या गावांना वाचवायचं म्हणतो त्यांनाच पिळून काढलंय, आणि कडक कारवाईने तिथलं व्यसन कमी झालं नाही, उलट आणखी जहाल झालं.

आधी ही गावं कुठली ते. पंजाब आणि पाकिस्तानमधली सरहद्द ५५३ किलोमीटरची. पठाणकोट, गुरदासपूर, अमृतसर, तरनतारन, फिरोजपूर, फाजिल्का हे त्यावरचे जिल्हे. ऐंशीच्या दशकाच्या शेवटी, दहशतवादाच्या काळात, इथं तारेचं कुंपण घालायला सुरुवात झाली. ते कुंपण बरोबर सीमारेषेवर नाहीये, आपल्या बाजूला आत आहे, त्यामुळे शेतकऱ्यांची सुमारे २१ हजार एकर जमीन कुंपणाच्या पलीकडे राहिली. म्हणजे शेत आपलं, सातबारा (त्यांच्याकडे फर्द म्हणतात) आपल्या नावावर, पण शेतात जायचं तर बीएसएफचा पास, गेट उघडायची वेळ, झडती, बैल-ट्रॅक्टर-डबा सगळ्याची तपासणी, आणि संध्याकाळी गेट बंद व्हायच्या आत परत. ऊस किंवा मकासारखं उंच पीक तिथं घ्यायचं नाही कारण आडोसा होतो. रात्री पाणी द्यायला जाता येत नाही. आपल्याकडे रात्रीच्या लाइटला शेतकरी वैतागतो, तिथं लाइट असली तरी गेट बंद.

त्यात २००१-०२ ला ऑपरेशन पराक्रमच्या वेळी याच शेतांमध्ये सुरुंग पेरले होते, २०१६ ला सर्जिकल स्ट्राइकनंतर सीमेपासून दहा किलोमीटरच्या पट्ट्यातली गावं रिकामी करायला लावली, ऐन भातकापणीच्या तोंडावर. २०२५ च्या मे महिन्यात पुन्हा लढाईचा भडका, आणि लगेच ऑगस्टमध्ये रावीचा पूर. अटारीवरून पाकिस्तानशी जो कायदेशीर व्यापार चालायचा तो २०१९ मध्ये पुलवामानंतर आधी २०० टक्के ड्यूटी लावून आणि मग पुरता बंद झाला, त्यावर जगणारे हजाराच्या वर हमाल, शिवाय ट्रकवाले, ढाबेवाले, क्लिअरिंग एजंट असे सगळे घरी बसले. कारखाना काढायला कोण येणार तिथं, युद्ध झालं की पहिला गोळा तिथंच पडतो. बटाल्याच्या फाउंड्र्या, धारीवालची लोकरीची गिरणी, जे काही होतं ते सुद्धा झिजत गेलं. मग पोरांसमोर उरतं काय तर आयल्ट्सचा क्लास लावून कॅनडा, आणि ज्याच्याकडे त्यासाठी विकायला जमीन नाही त्याच्यासाठी गावातला कट्टा.

अशा पोराला कोणीतरी फोन करून सांगतं की रात्री अमुक शेतात पॅकेट पडेल, लोकेशन पाठवतो, उचलून तमुक पुलाखाली ठेव, इतके हजार मिळतील. त्याला माल कुणाचा माहीत नसतो, पुढे कुणाकडे जाणार तेही नाही. अशा माल वाहणाऱ्याला तिथं पांडी म्हणतात. पूर्वी पांडीला निदान कुंपणापर्यंत जावं लागायचं, तारेतून प्लॅस्टिकचा पाइप सरकवून पलीकडून पॅकेटं ओढून घ्यायची पद्धत होती, त्यात गोळी लागायची भीती होती. ड्रोनने ती भीती पण काढून टाकली. २०१९ च्या सप्टेंबरमध्ये तरनतारनमध्ये ड्रोनने हत्यारं टाकल्याचं उघडकीला आलं आणि त्यानंतर हा प्रकार वाढतच गेला. २०२१ मध्ये केंद्राने बीएसएफची हद्द सीमेपासून १५ वरून ५० किलोमीटरपर्यंत वाढवली, त्यावरून चंदीगड आणि दिल्लीत बरंच भांडण झालं, ड्रोन मात्र ५० किलोमीटर वगैरे काही बघत नाहीत.

आता मुख्य मुद्द्याला येतो, जो मला वाटतं मराठी वाचकाला फारसा कुणी सांगत नाही. पंजाबात नशा काही नवीन नव्हती. खसखशीच्या बोंडांचा वाळलेला चुरा, त्याला तिथं भुक्की म्हणतात, राजस्थानात डोडा पोस्त, ही पाण्यातून किंवा चहातून घ्यायची चाल पिढ्यान्‌पिढ्यांची होती. कापणीच्या दिवसांत जमीनदार स्वतः मजुरांना द्यायचे, ट्रक ड्रायव्हर लांबच्या पल्ल्याला घ्यायचे, म्हातारी माणसं सांधे दुखतात म्हणून सकाळी अफूची गोळी. हे चांगलं होतं असं मी म्हणत नाहीये. व्यसनच होतं ते. पण त्या व्यसनाचा माणूस शेतावर जायचा, घर चालवायचा, म्हातारा होऊन मरायचा.

१९८५ ला एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थविरोधी कायदा आला, संसदेत काही दिवसांत घाईघाईने मंजूर झाला, आणि सुरुवातीला त्यात छोटा-मोठा असा भेद फारसा नव्हता, एकदम दहा वर्षं. पुढे २००१ च्या दुरुस्तीत प्रमाणानुसार शिक्षा आल्या. पण मूळ गणित तसंच राहिलं, आणि ते गणित सोपं आहे. भुक्की पोत्याने येते, पोतं लपवायला ट्रक लागतो, नाक्यावर वास येतो, पोलीस पकडतात. हेरॉइन खिशात मावतं. पोलिसांनी कडक व्हायचं ठरवलं की आधी मार खातो तो पोत्याचा धंदा, आणि त्याच गिऱ्हाइकाला माल पोचवायचा तर व्यापारी खिशात मावणारी चीज आणतो. राजस्थानात सरकारी परवान्याची डोडा पोस्तची दुकानं होती, तिथून पंजाबचे लोक बसने जाऊन घ्यायचे, तीही २०१५-१६ च्या सुमारास बंद झाली. मग लोक मेडिकलमधल्या ट्रामाडॉल या वेदनाशामक गोळ्यांवर गेले, तर २०१८ च्या एप्रिलमध्ये ट्रामाडॉल एनडीपीएसमध्ये टाकलं. यातला प्रत्येक निर्णय एकेकटा बघितला तर बरोबर वाटतो. पण ओळीने बघा, दर वेळी एक हलकी नशा हातातून काढून घेतली आणि तिच्या जागी चिट्टा आला, चिट्टा म्हणजे हेरॉइन, आधी पन्नीवर (चांदीच्या कागदावर) ओढायचं आणि पैसे पुरेनासे झाले की सुईने, कारण सुईने कमी मालात भागतं.

आणि तो २०१८ चा उन्हाळा पंजाब विसरलेला नाही. जूनमध्ये तरण्या पोरांच्या मरणाच्या बातम्या रोज यायला लागल्या, कचऱ्याच्या ढिगात पडलेल्या मुलाजवळ बसून रडणाऱ्या आईचा व्हिडिओ सगळीकडे फिरला. लोकांनी जुलैचा पहिला आठवडा काळा आठवडा म्हणून पाळला. यावर सरकारने काय केलं? तेव्हाचे मुख्यमंत्री कॅप्टन अमरिंदर सिंग यांनी निवडणुकीआधी हातात गुटका साहिब (शिखांची प्रार्थनेची पोथी) घेऊन चार आठवड्यांत नशेचं कंबरडं मोडायची शपथ घेतलेली होती, त्यांच्या मंत्रिमंडळाने तस्करांना फाशी द्या अशी शिफारस दिल्लीला पाठवली, सरकारी नोकरांची डोप टेस्ट जाहीर केली, आणि काही जिल्ह्यांत तर चिठ्ठीशिवाय सिरिंज विकायला बंदी घातली. सिरिंज! म्हणजे जो पोरगा टोचून घेणारच आहे त्याने आता चौघांत एक सुई वापरायची. हिपॅटायटिस सी आणि एचआयव्ही पसरवायचा याहून सोपा उपाय नसेल. आणि हे त्याच राज्यात, ज्याने २०१६ पासून हिपॅटायटिस सीचे उपचार फुकट द्यायला सुरुवात केली होती, म्हणजे एक खातं औषध वाटतंय आणि दुसरं खातं रोगी वाढवतंय.

२०१५ मध्ये पंजाबात एक सर्व्हे झाला होता, एम्स आणि एसपीवायएम या संस्थेने मिळून केलेला. त्यात अंदाज निघाला की राज्यात सव्वादोन लाखांहून जास्त लोक अफूजन्य पदार्थांच्या पूर्ण आहारी गेलेले आहेत. बहुतेक सगळे पुरुष, बहुतेक १८ ते ३५ मधले, निम्म्याहून जास्त लग्न झालेले. हेरॉइनवाल्याचा दिवसाचा खर्च सरासरी १,४०० रुपये, अफू-भुक्कीवाल्याचा ३४०. हे दोन आकडे मला त्या सगळ्या रिपोर्टमधले सगळ्यात महत्त्वाचे वाटतात. १,४०० रुपये रोज म्हणजे महिन्याला बेचाळीस हजार. तीन-चार एकरवाल्या शेतकऱ्याच्या किंवा मजुराच्या पोराने हे कुठून आणायचे? आधी स्वतःचा मोबाइल, मग बाईक, मग घरातला गॅस सिलिंडर, भांडी, आईच्या कानातलं, शेवटी दरवाजे आणि छताचे लोखंडी गर्डर सुद्धा काढून विकलेली घरं तिथं आहेत. आणि विकायला काही उरलं नाही की तो स्वतः चार पुड्या विकून पाचवी आपल्याला ठेवतो. म्हणजे पिणारा आणि विकणारा हे दोन वेगळे लोक असतात हे आपल्या टीव्हीवरच्या चर्चेतलं गृहीतक आहे, गावात तो बऱ्याचदा एकच माणूस असतो, सकाळी पेशंट आणि संध्याकाळी पेडलर.

काकांना लटकवायचाय तो हा.

कायद्याने हेरॉइनची छोटी मात्रा ५ ग्रॅमपर्यंत, व्यापारी मात्रा २५० ग्रॅमपासून. मधल्या पट्ट्यात दहा वर्षांपर्यंत शिक्षा. त्यात २०२० साली सुप्रीम कोर्टाने हिरा सिंग खटल्यात सांगितलं की पुडीत भेसळ किती आहे ते बघायचं नाही, पूर्ण वजन धरायचं. म्हणजे रस्त्यावरच्या भेसळीच्या पुड्या विकत घेणारा पोरगा शुद्ध माल ठेवणाऱ्यापेक्षा लवकर मोठ्या कलमात जातो. याच कायद्यात ६४अ नावाचं एक कलम आहे, त्यात व्यसनी माणूस स्वतःहून सरकारमान्य ठिकाणी उपचाराला तयार झाला तर छोट्या मात्रेच्या केसमध्ये त्याच्यावर खटला चालवू नये अशी सोय आहे. कागदावर. पण ठाणेदाराला महिन्याच्या शेवटी आकडा दाखवायचाय तो केसेसचा, उपचाराला पाठवलेल्यांचा आकडा वरून कुणी मागतच नाही.

अमृतसर शहरात मकबूलपुरा नावाची वस्ती आहे, पत्रकारांनी तिला विधवांची वस्ती असं नाव देऊन टाकलंय, आणि ते आजचं नाही, नव्वदच्या दशकापासूनचं. घरटी एखादा तरी पुरुष दारूने नाही तर नशेने गेलेला. तिथल्या एका मास्तरांनी अशा घरांतल्या पोरांसाठी शाळा काढली. सीमेवरच्या गावांत आता हेच चित्र आहे, आजी-आजोबा नातवंडं सांभाळतायत, मुलगा गेला, सून माहेरी गेली किंवा कुणाच्या तरी घरी धुणंभांडी करते. मुलींचे बाप सीमेच्या पट्ट्यातल्या गावांत पोरगी द्यायला कचरतात. बायकांच्या व्यसनाबद्दल तर बोलायचीच सोय नाही, कपूरथळ्यात त्यांच्यासाठी वेगळं सरकारी केंद्र आहे, पण तिथपर्यंत येणार कोण, आलेली दिसली तर लग्न मोडतं. आणि मरण झालं तरी घरचे पोस्टमॉर्टेम टाळतात, हार्ट अटॅक सांगतात, त्यामुळे नेमके किती गेले हा आकडा सरकारला हवा असला तरी मिळणार नाही, आणि तो हवाय असंही दिसत नाही. पकडलेल्या हेरॉइनचा ग्रॅमपर्यंत हिशोब, आणि मेलेल्या पोरांचा अंदाज.

बरं, या गावांना आपण वागवतो कसं? भाषणात ती देशाची ढाल. प्रत्यक्षात पासशिवाय स्वतःच्या शेतात जाता येत नाही, नोकरीसाठी अमृतसर-लुधियान्याला गेलं की सीमेवरचा म्हटल्यावर लोक वेगळ्या नजरेने बघतात, रात्री उशिरा बाईकवर दिसला की नाक्यावर खिसे उलटे. आणि ज्याच्या तोंडून पोलिसांना खरी खबर मिळायला हवी तोच पोलिसांना घाबरतो, कारण त्याला माहीत आहे की पुडी विकणाऱ्याचं नाव सांगितलं तर ते नाव संध्याकाळपर्यंत त्या विकणाऱ्याकडे पोचतं. २०१३ मध्ये जो मोठा सिंथेटिक ड्रग्जचा घोटाळा फुटला त्यातला मुख्य आरोपी पंजाब पोलिसातलाच बडतर्फ डीएसपी होता, एकेकाळचा नामवंत पैलवान. मग गावकऱ्याने कुणावर विश्वास ठेवायचा?

आता मोठ्या मालाचं बघू. २०२४ सालभरात पंजाब सीमेवर बीएसएफने पकडलेलं हेरॉइन सुमारे २८० किलो. २०१९ च्या जूनमध्ये अटारीच्या सरकारी गेटमधून, मिठाच्या ट्रकमधून, एका दिवसात पकडलेलं ५३२ किलो. आणि २०२१ च्या सप्टेंबरमध्ये गुजरातच्या मुंद्रा बंदरात टाल्कच्या नावाखाली आलेल्या दोन कंटेनरमध्ये २,९८८ किलो. म्हणजे अख्ख्या सीमेवर वर्षभर जेवढं पकडलं त्याच्या दहापट माल दोन कंटेनरमधून, बिल-बिल्टीसकट, बंदरातून आत यायला निघाला होता. तो पकडला गेला म्हणून कळलं. खसखस काही तरनतारनमध्ये पिकत नाही, अफगाणिस्तानात पिकते, तालिबानने २०२२ मध्ये बंदी घातल्यावर पुढच्या वर्षी तिथली लागवड पंचाण्णव टक्के घसरली असं संयुक्त राष्ट्रांचा रिपोर्ट सांगतो, तरी ड्रोन वाढलेच, कारण साठे भरलेले होते. इतक्या मोठ्या साखळीत शेतातून पॅकेट उचलणारा पांडी म्हणजे कोण? आज एक आत गेला तर उद्या दुसरा उचलेल. जाणाऱ्याचं घर मात्र कायमचं जातं.

२०२५ च्या १ मार्चपासून पंजाब सरकारने 'युद्ध नशियां विरुद्ध' सुरू केलंय, सुरुवातीला ३१ मेची डेडलाइन होती, हजारोंनी अटका झाल्या, आणि तस्करांच्या म्हणून सांगितलेल्या घरांवर बुलडोझर चालले. सुप्रीम कोर्टाने २०२४ च्या नोव्हेंबरमध्येच सांगून ठेवलंय की आरोपी आहे म्हणून घर पाडता येत नाही, मग कागदावर 'अतिक्रमण' लिहायचं आणि टीव्हीवर 'तस्कराचं घर' म्हणायचं. त्या घरात राहत कोण होतं? त्याची आई, बायको, पोरं. ज्यांनी कदाचित सगळ्यात जास्त भोगलंय तेच रस्त्यावर. टाळ्या मिळतात, मान्य आहे. डेडलाइन सुद्धा कॅप्टनसाहेबांच्या चार आठवड्यांसारखीच निघून गेली.

याचा अर्थ सीमेवर पहारा नको असा कुणी काढू नये. ड्रोनमधून पिस्तुलं आणि ग्रेनेडही येतात, ती अडवायलाच पाहिजेत, त्यात दुमत नाही. माझं भांडण आहे ते पहारा म्हणजेच उपाय असं समजण्याशी. कारण मागणी तिथल्या तिथं राहिली तर माल कुठून ना कुठून येतोच, ड्रोनने नाही तर बंदरातून, बंदरातून नाही तर एखाद्या केमिकल फॅक्टरीतून.

आणि उपाय पंजाबने स्वतःच अर्धा शोधलाय, गंमत ही आहे. २०१७ च्या ऑक्टोबरपासून तिथं सरकारी ओपीडी क्लिनिक सुरू झाली, तरनतारन, अमृतसर आणि मोगा हे पहिले जिल्हे. भरती व्हायचं नाही, रोज जायचं आणि ब्युप्रेनॉर्फिन-नॅलोक्सोनची गोळी जिभेखाली ठेवायची, लोक तिला जिभेवाली गोळीच म्हणतात. तलफ जाते, अंग मोडून येत नाही, माणूस कामाला जाऊ शकतो. आता अशी क्लिनिक पाचशेच्या वर आहेत. पण सुरुवातीला नियम असा की रोज स्वतः येऊन डॉक्टरसमोर घ्यायची. आता वीस किलोमीटर लांबच्या गावातला मजूर रोज येणार कसा, येण्यातच त्याची दिहाडी (दिवसाची मजुरी) जाते, आणि कुंपणापलीकडे शेत असणाऱ्याला तर गेट आणि क्लिनिक यातलं एकच काहीतरी गाठता येतं. २०२० ला लॉकडाऊन लागलं, चिट्ट्याचा पुरवठा तुटला, आणि सरकारने नाइलाजाने दोन-तीन आठवड्यांच्या गोळ्या घरी न्यायला परवानगी दिली. काय झालं? नाव नोंदवायला रांगा लागल्या. जे लोक 'व्यसनी सुधारत नाहीत' म्हणून सोडून दिलेले होते ते दाराशी आले, फक्त दार त्यांना परवडेल असं उघडल्यावर. २०१५ च्या सर्व्हेतही हेच होतं, ऐंशी टक्क्यांच्या वर लोकांनी कधी ना कधी सोडायचा प्रयत्न केलेला होता आणि त्यात कसलीही मदत मिळालेले जेमतेम एक तृतीयांश.

यावर हमखास प्रश्न येतो की एक नशा सोडून दुसऱ्या गोळीची सवय, यात काय जिंकलात? आणि गोळ्या बाहेर ब्लॅकने विकल्या जातात त्याचं काय? दुसरा भाग खरा आहे, गोळ्या बाहेर जातात, खासगी केंद्रांनी यात भरपूर हात धुवून घेतले. पण पहिल्याचं उत्तर मी सरळ देईन. डायबेटिसवाल्याला आपण इन्शुलिन सोड म्हणत नाही. गोळीवरचा माणूस सहसा ओव्हरडोसने मरत नाही, सुई वापरत नाही, रोज १,४०० रुपयांसाठी शेजाऱ्याची मोटार चोरत नाही. 'पूर्ण शुद्ध' झालेला माणूस हवा असेल तर तो हवा असणारा समाज आधी त्याची प्रेतं मोजायला तयार असला पाहिजे, कारण महिनाभर कोंडून 'साफ' केलेला पोरगा बाहेर येऊन जुन्याच मात्रेने टोचतो आणि तिथंच जातो, शरीराची सहनशक्ती तोपर्यंत उतरलेली असते.

भुक्कीबद्दल माझं मत बऱ्याच लोकांना आवडणार नाही. पतियाळाचे खासदार डॉ. धरमवीर गांधी, पेशाने हृदयरोगतज्ज्ञ, यांनी २०१६ मध्ये खासगी विधेयक आणून भुक्की-अफूसारख्या पारंपरिक नशांना कायद्याच्या कचाट्यातून काढा अशी मागणी केली, तेव्हा त्यांची बरीच टिंगल झाली. मला त्यात दम वाटतो. सरसकट दुकानं नकोत, पण जुन्या व्यसनी माणसांना नोंदणी करून मोजून देणं, जसं राजस्थानात होतं, हे चिट्ट्यापेक्षा हजारपट बरं. दारूचं बघा ना, २०२० मध्ये तरनतारन-अमृतसर-बटाला पट्ट्यात विषारी दारूने शंभरावर माणसं मेली, २०१५ मध्ये आपल्या मुंबईत, मालाडच्या मालवणीतही शंभरावर. हलकं-स्वस्त-तपासलेलं काही हाताशी नसलं की गरीब माणूस विष पितो, मग ते पंजाब असो की मालाड.

आपला काय संबंध म्हणाल तर, २०१५ च्या एप्रिलमध्ये ८८वं मराठी साहित्य संमेलन घुमानला भरलं होतं. संत नामदेव जिथं राहिले ते घुमान याच गुरदासपूर जिल्ह्यात. स्पेशल गाड्या भरून मराठी माणसं गेली, तिथल्या लोकांनी लंगर घातले, घराघरांत उतरवून घेतलं, अध्यक्ष होते सदानंद मोरे. भरभरून लिहिलं गेलं त्यावर, नामदेवांची पदं गुरू ग्रंथ साहिबात आहेत वगैरे, सगळं खरं. पण आपल्याला पाहुणचार करणाऱ्या त्याच जिल्ह्यात त्याच वर्षी काय जळत होतं यावर मी तरी तेव्हा फारसं वाचलं नाही.

आणि सीमा लांब आहे म्हणून आपण सुटलो असंही नाही. मुंबईत गर्द आलं ते ऐंशीच्या दशकात, 'गर्दुल्ले' म्हणून आपण त्या माणसांना रेल्वे पुलाखाली सोडून दिलं, पुण्यात १९८६ ला मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र सुरू झालं ते याच लाटेत. आता आपल्याला पाकिस्तानची सुद्धा गरज नाही. २०१६ मध्ये सोलापूरच्या चिंचोली एमआयडीसीत टनांनी एफेड्रिन सापडलं, २०२३ मध्ये नाशिकजवळच्या शिंदे गावात एमडीचा (मेफेड्रोनचा) कारखाना, २०२४ च्या फेब्रुवारीत दौंडच्या कुरकुंभ एमआयडीसीतून आणि तिथून पुण्या-दिल्लीत गेलेल्या साठ्यातून मिळून दीड हजार किलोच्या वर एमडी. वर धुळ्याच्या शिरपूर तालुक्यात, मध्य प्रदेशच्या सीमेला लागून सातपुड्यात, वनजमिनीवरचा गांजा पोलीस दर वर्षी उपटतात, फोटो येतो, गुन्हा दाखल होतो तो पाड्यावरच्या माणसावर. बियाणं आणि उचल देणारा व्यापारी फोटोत नसतो. हा आपला पांडी.

प्रत्येक जिल्ह्यात आता कलेक्टरच्या अध्यक्षतेखाली अमली पदार्थविरोधी समन्वयाची समिती असते, एसपी, अन्न व औषधवाले, शिक्षण खातं सगळे बसतात, आणि कारवायांचा तक्ता वाचला जातो, किती गुन्हे, किती अटक, किती किलो, बाजारभावाने किती कोटी. त्या तक्त्यात आणखी तीन रकाने हवेत: किती जण उपचारावर आहेत, त्यातले सहा महिन्यांनी किती टिकलेत, आणि जिभेखालची ती गोळी जिल्ह्यातल्या कुठल्या कुठल्या तालुक्यात सरकारी दवाखान्यात मिळते. तरनतारन असो की धुळे, हे तीन रकाने घालायला संसदेत कुठलं विधेयक मांडावं लागत नाही, कलेक्टरची एक सही पुरते.